मोठा ‘एस’, छोटा ‘एस’ आणि छातीच्या दवाखान्याचे कागद

गेल्या पावसाळ्यात आमच्या गल्लीतील एका ताईंच्या घरात रात्रीतून गुडघाभर पाणी शिरले. पत्र्याच्या पेटीतले कागद भिजले, त्यात नवऱ्याचे आधार कार्डही गेले. पुढच्याच आठवड्यात नवऱ्याला छातीच्या सरकारी दवाखान्यात दाखल करावे लागले. नेहमीच्या गोळ्यांना दाद न देणारा टीबी निघाला होता. दवाखान्याच्या खिडकीवर आधारची प्रत मागितली. दहावीतल्या मुलाने मोबाईलवर आधार उतरवून घेतले, पण फाईल उघडेना. ती पासवर्ड मागत होती. नावाची पहिली चार इंग्रजी अक्षरे आणि पुढे जन्मसाल, एवढे मुलाला माहीत होते. वडिलांचे नाव सुरेश आणि जन्मसाल 1982 असे धरू. त्याने एस, यू, आर, ई आणि 1982 टाकले. चुकीचा पासवर्ड. पुन्हा टाकले, पुन्हा तेच. रांग मागे तुंबली तशी खिडकीतून आवाज आला, “आधी नीट शिकून घ्या, मग या.”

रविवारी संध्याकाळी विहारात आम्ही फॉर्म भरून देण्यासाठी टेबल मांडून बसतो. ताई तिथे आल्या. मुलगा मागे, खाली मान घालून. आम्ही त्याला आमच्यासमोर पासवर्ड टाकायला सांगितले. त्याने अगदी बरोबर स्पेलिंग टाकले, फक्त सगळी अक्षरे छोटी. तीच चार अक्षरे मोठी करून टाकली आणि फाईल उघडली. मुलगा म्हणाला, “सर, एस तर एसच आहे ना?”

त्याचा प्रश्न रास्त होता. आम्ही त्याला त्या दिवशी घाईत उत्तर दिले. इथे सावकाश देतो, कारण हा अडथळा एकट्या त्याचा नाही.

आपल्या लिपीत मोठे-छोटे अक्षर नाही. ‘क’ वाक्याच्या सुरुवातीला आला काय किंवा माणसाच्या नावात आला काय, तो ‘क’च. इंग्रजी अक्षरांना मात्र दोन रूपे, आपण शाळेत म्हणतो तशी मोठी एबीसीडी आणि छोटी एबीसीडी. वाचणाऱ्या माणसाला दोन्ही सारखीच कळतात. कॉम्प्युटरला अक्षर कळतच नाही, त्याला आकडा कळतो. प्रत्येक अक्षराला एक आकडा ठरवून दिलेला आहे. अमेरिकेत 1963 साली यासाठी ‘आस्की’ नावाची यादी तयार झाली. तिच्या पहिल्या रूपात छोटी अक्षरे नव्हतीच, ती 1967 च्या यादीत आली. मोठ्या ‘ए’चा आकडा 65 आणि छोट्या ‘ए’चा 97. मोठा ‘बी’ 66, छोटा ‘बी’ 98. प्रत्येक जोडीत नेमका 32 चा फरक. म्हणजे मुलाने जो ‘एस’ टाकला तो यंत्रासाठी 115 होता आणि कुलपाला हवा होता 83.

मग 32 वजा करून यंत्राने समजून का घेऊ नये? पुष्कळ ठिकाणी ते घेते. ईमेलचा पत्ता मोठ्या अक्षरात टाका की छोट्या, पत्र सहसा पोहोचते. वेबसाइटच्या मुख्य नावातही फरक पडत नाही. मात्र त्या नावापुढच्या तिरप्या रेघेनंतर जो लांबलचक मजकूर असतो, त्यात पुष्कळदा पडतो. म्हणून तपासणीच्या रिपोर्टची लिंक हाताने लिहून घेऊ नये, ती पुढे पाठवून घ्यावी.

पासवर्डचे प्रकरण वेगळे आहे. चांगल्या व्यवस्थेत पासवर्ड जसाच्या तसा कुठे ठेवलेला नसतो. त्याचे वाटण करून ठेवतात. मिरची, खोबरे, लसूण पाट्यावर वाटले की त्यातून परत आख्खी मिरची काढता येत नाही. आपण पासवर्ड टाकतो तेव्हा यंत्र त्याचे पुन्हा वाटण करते आणि ठेवलेल्या वाटणाशी ताडून पाहते. फाईलच्या कुलपातही अशीच पद्धत असते. एक अक्षर मोठ्याचे छोटे झाले तरी वाटण पार वेगळे निघते. म्हणून “जवळ आलात, फक्त अक्षरे मोठी करा” असे यंत्र सांगू शकत नाही. ते फक्त ‘चुकीचा’ म्हणते, आणि माणसाला वाटते आपल्यालाच काही येत नाही.

आमचे मत विचाराल तर दोष त्या मुलाचा मुळीच नव्हता. खिडकीच्या काचेवर “अक्षरे मोठी टाका” असा मराठीत कागद चिकटवला असता तर शंभर माणसांचे काम झाले असते.

आपल्या लिपीतही असा एक खड्डा आहे. ‘सुनिता’ आणि ‘सुनीता’ आपण एकच समजतो. यंत्राच्या यादीत पहिल्या वेलांटीचा आकडा 2367 आणि दुसरीचा 2368. रेशनकार्डावर पहिली, आधारवर दुसरी, इंग्रजीत कुठे ‘आय’ तर कुठे दोन ‘ई’. नाव जुळत नाही म्हणून परत पाठवलेले अर्ज आमच्या टेबलावर दर रविवारी येतात.

आता कोणी म्हणेल, आरोग्याच्या पानावर हे कॉम्प्युटरचे पुराण कशाला? ताईंच्या सासूबाई त्या दवाखान्याला अजून ‘शेनेटोरियम’ म्हणतात. दवाखान्याची पाटी बदलून कित्येक वर्षे झाली, पण त्यांच्या तोंडातला शब्द बदलला नाही. कागदावरच्या अक्षराला एवढे वजन का आले, हे त्या जुन्या शब्दातून कळते.

टीबीवर औषध नव्हते त्या काळात उपचार म्हणजे जागा. गावाबाहेर, मोकळ्या हवेत, मोठ्या खिडक्यांच्या इमारती. रुग्णाने महिनोन् महिने पडून राहायचे, दूध-अंडी खायची, हवा घ्यायची. खाटा थोड्या आणि रुग्ण फार. ज्याच्याकडे पैसा किंवा ओळख त्याला खाट मिळे. बाकीचे घरी खोकत राहत. मद्रासजवळच्या तांबरमला डॉ. डेव्हिड चौरी मुथू यांनी 1928 साली असेच एक सॅनेटोरियम सुरू केले. सुरुवातीला खाटा होत्या 12. हे डॉक्टर त्याआधी इंग्लंडमध्ये मेंडिप टेकड्यांत सॅनेटोरियम चालवत, आणि पहिल्या महायुद्धाच्या काळात गणितज्ञ रामानुजन त्यांच्याकडे रुग्ण म्हणून राहिले होते. तांबरमची संस्था 1937 मध्ये मद्रास सरकारने ताब्यात घेतली. आजही तिथल्या लोकल स्टेशनचे नाव ‘तांबरम सॅनेटोरियम’ असेच आहे.

त्याच मद्रासमध्ये 1956 साली एक मोठी परीक्षा झाली. भारतीय वैद्यक संशोधन परिषद, मद्रास सरकार, जागतिक आरोग्य संघटना आणि ब्रिटनची वैद्यक संशोधन परिषद यांनी मिळून केंद्र काढले. टीबीची औषधे तोवर आली होती. प्रश्न असा होता की औषध मिळत असेल तर सॅनेटोरियमची खाट खरोखर लागते का? शहरातल्या गरीब, दाटीवाटीच्या घरांतले 193 रुग्ण घेतले. चिठ्ठी टाकावी तसे त्यांना दोन गटांत वाटले. अर्ध्यांना सॅनेटोरियम, अर्ध्यांना आपले घर. औषधे दोघांना तीच, वर्षभर. सॅनेटोरियमवाल्यांना चांगले अन्न, विश्रांती, मोकळी हवा. घरच्यांना तीच खोली, तेच अपुरे जेवण, त्यातले काही कामावरही जात.

निकाल 1959 मध्ये छापून आला. सॅनेटोरियमवाल्यांचे वजन जास्त वाढले होते. पण थुंकीतले जंतू जाऊन आजार शांत झालेले रुग्ण सॅनेटोरियमच्या गटात 92 टक्के होते आणि घरच्या गटात 86 टक्के. फरक इतका थोडा. घरातल्या माणसांना लागण होण्याचे प्रमाणही घरी उपचार घेतल्यामुळे वाढलेले दिसले नाही, कारण जंतू पसरतात ते मुख्यतः उपचार सुरू होण्याआधी. “वस्तीतल्या खोलीत टीबी बरा होत नाही” हे म्हणणे त्या दिवशी खोटे ठरले. जगभरची सॅनेटोरियमे यानंतर हळूहळू ओस पडली किंवा दुसऱ्या कामाला लागली. आम्हाला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते. बरे होण्यासाठी श्रीमंताचे घर लागत नाही, वेळेवर न चुकता औषध लागते, हे वस्त्यांतल्या माणसांनी स्वतःच्या अंगावर सिद्ध करून दाखवले.

तांबरम मात्र बंद पडले नाही. ते छातीच्या आजारांचे खास सरकारी रुग्णालय झाले. एचआयव्हीची लागण भारतात पहिल्यांदा 1986 मध्ये मद्रासमध्येच आढळली. ते काम करणाऱ्या डॉ. सुनीती सॉलोमन माहेरच्या गायतोंडे, म्हणजे आपल्याच भाषेच्या. या आजारात अंगातली ताकद खचली की टीबी सर्वांत आधी धरतो. इतर ठिकाणी या रुग्णांना हात लावायला लोक घाबरत होते, तेव्हा 1993 पासून तांबरमने त्यांना दाखल करून घ्यायला सुरुवात केली. सरकारने 2004 मध्ये एचआयव्हीची औषधे फुकट द्यायचे ठरवले, त्या पहिल्या केंद्रांत तांबरमही होते.

सॅनेटोरियममध्ये रुग्णाला सगळे चेहऱ्याने ओळखत. अमुक खाटेवरचे मामा, तमुक खिडकीजवळची बाई. खाट होती तोवर नाव चुकीचे लिहिले तरी चालून जाई. उपचार घरी आला आणि ओळख कागदावर गेली. आज टीबीच्या रुग्णाची नोंद 2012 पासून चालणाऱ्या ‘निक्षय’ या सरकारी यादीत होते. औषध, तपासणी, खास दवाखान्यात पाठवणे, परत वस्तीतल्या केंद्राकडे येणे, सगळे त्या नोंदीवर. खाण्यासाठीचे निक्षय पोषण योजनेचे पैसे 2018 पासून मिळतात. आधी महिन्याला 500 रुपये होते, नोव्हेंबर 2024 पासून 1000 झाले. ते थेट बँक खात्यात जातात. खाते आणि नाव जुळले नाही तर अडकतात. बँकेचा आयएफएससी कोड लिहिताना अकरा खुणांतली पाचवी खूण शून्य असते, ‘ओ’ नव्हे. यावरही किती तरी लोक अडखळतात.

आणि आजाराचे रिपोर्टही आता अशाच अक्षरांत येतात. गोळ्यांना दाद न देणाऱ्या टीबीत ‘लाइन प्रोब’ नावाची तपासणी करतात. ताईंच्या हातातल्या कागदावर तीन विचित्र शब्द होते. तीन छोटी अक्षरे आणि शेवटी एक मोठे. आर-पी-ओ छोटे आणि बी मोठा. के-ए-टी छोटे आणि जी मोठा. आय-एन-एच छोटे आणि ए मोठा. ही जंतूच्या जनुकांची नावे. जंतूंच्या जनुकांची नावे अशीच लिहायची रीत आहे. पहिले अक्षरही मोठे केले की शास्त्रज्ञाला ते जनुकाचे नाव न वाटता, त्या जनुकापासून बनणाऱ्या प्रथिनाचे वाटते. रुग्णाच्या दृष्टीने अर्थ असा. ‘आरपीओबी’त बदल असला तर रिफाम्पिसिन हे मुख्य औषध लागू पडत नाही. ‘कॅटजी’त बदल असला तर आयसोनियाझिडचा डोस वाढवूनही सहसा फायदा नसतो. ‘आयएनएचए’त बदल असला तर वाढीव डोस चालू शकतो, पण इथिओनामाइड चालत नाही. तेव्हा “आयसोनियाझिड चालत नाही असे लिहिले होते” एवढे तोंडी सांगून भागत नाही. कुठल्या शब्दासमोर काय लिहिले होते, त्यावर पुढची औषधे ठरतात.

औषधांच्या खुणाही तशाच. अलीकडे आलेल्या सहा महिन्यांच्या उपचाराचे नाव चार इंग्रजी औषधांच्या आद्याक्षरांचे आहे: बी, पी-ए, एल, एम. त्यात फक्त ‘ए’ छोटा, कारण ‘पी-ए’ मिळून एकच औषध, प्रीटोमॅनिड. सगळी अक्षरे मोठी केली तर चाराची पाच औषधे दिसतात.

विदर्भातल्या घरांना दुसरे उदाहरण जास्त जवळचे वाटेल. सिकलसेल आपल्या समाजात किती आहे ते नागपूर, चंद्रपूर, गडचिरोलीकडे सांगायची गरज नाही. सिकलसेलच्या काही रुग्णांना वारंवार रक्त चढवावे लागते. रक्तगट म्हटले की आपल्याला ए, बी, ओ आणि पॉझिटिव्ह-निगेटिव्ह एवढेच माहीत असते. पॉझिटिव्ह-निगेटिव्ह म्हणजे ‘डी’ नावाची खूण आहे की नाही. पण रक्तपेशींवर आणखी खुणा असतात. त्यात एक मोठा ‘सी’ आणि एक छोटा ‘सी’, एक मोठा ‘ई’ आणि एक छोटा ‘ई’. या चारही वेगळ्या खुणा आहेत. अनेकदा रक्त घेतलेल्या एखाद्या रुग्णाच्या अंगात छोट्या ‘सी’ विरुद्ध शक्ती तयार होते. मग छोटा ‘सी’ असलेले रक्त त्याला बाधते. निगेटिव्ह रक्तात छोटा ‘सी’ बहुतेक वेळा असतोच, म्हणून तातडीत “निगेटिव्ह आहे, चालेल” म्हणून दिलेले रक्तही त्याला चालत नाही. कोणा कारकुनाने सगळे मोठ्या अक्षरांत टाइप केले किंवा यंत्राने आपोआप मोठे केले, तर नोंद उलटीच होते. रक्त जुळवून पाहण्याची तपासणी पुढे असते आणि पुष्कळदा ती चूक पकडते, पण चुकीच्या नोंदीने सुरुवात करणे बरे नव्हे.

हा धोका ओळखून रक्तसंक्रमणाच्या आंतरराष्ट्रीय संस्थेने 1980 मध्ये समिती नेमली. डोळ्याला आणि यंत्राला दोघांनाही वाचता येईल अशी आकड्यांची पद्धत तिने बांधली. तीत मोठा ‘सी’ म्हणजे आरएच 2, छोटा ‘सी’ म्हणजे आरएच 4. मोठा ‘ई’ 3, छोटा ‘ई’ 5. आकड्याला मोठे-छोटे नसते, हे किती साधे! तरी रोजच्या कागदावर अजून अक्षरेच चालतात, म्हणून दोन्ही माहीत असावीत. “अँटिबॉडी” असा शब्द असलेला रक्तपेढीचा कागद घरात असेल तर तो जपून ठेवा आणि दर वेळी रक्त घेण्याआधी मूळ कागदच दाखवा.

मोजमापातही हीच गंमत आहे. छोटा ‘एम’ म्हणजे मिली, हजारावा भाग. मोठा ‘एम’ म्हणजे मेगा, दहा लाख पट. दोन्हींत अब्जाचा फरक. प्रयोगशाळांची यंत्रे एकमेकांना निकाल पाठवताना मोजमापांची ‘युकम’ नावाची यादी वापरतात. मोठी-छोटी अक्षरे न ओळखणाऱ्या जुन्या यंत्रांसाठी त्या यादीत वेगळा रकाना ठेवावा लागला, आणि त्या रकान्यात मोठा ‘एम’ म्हणजे मिली!

आता घरात काय करायचे ते थोडक्यात. मोबाईलचा कीबोर्ड पुष्कळदा पहिले अक्षर आपोआप मोठे करतो. जिथे नाव किंवा आयडी छोट्या अक्षरात हवा तिथे ते आधी पाहा. पासवर्डच्या बाजूला डोळ्याची खूण असते, ती दाबली की टाकलेले दिसते. अनोळखी माणसासमोर दाबू नका. सायबर कॅफेत ‘कॅप्स लॉक’चा दिवा पाहा. ई-आधारचा पासवर्ड म्हणजे आधारवरच्या इंग्रजी नावाची पहिली चार अक्षरे मोठ्या लिपीत आणि पुढे जन्माचे चार आकडी साल. नाव तीनच अक्षरांचे असेल तर मधली मोकळी जागा सोडून आडनावाचे पहिले अक्षर घ्यावे. नावात टिंब असेल तर तेही मोजावे. पासवर्ड वहीत लिहायचाच असेल तर मोठ्या अक्षराखाली रेघ मारा, कारण आपल्या हस्ताक्षरात मोठा आणि छोटा ‘एस’, ‘सी’, ‘ओ’ सारखेच दिसतात. रिपोर्ट हाताने उतरवू नका, फोटो काढा. आणि दोन आठवड्यांहून जास्त खोकला असेल तर हे सगळे राहू द्या, आधी थुंकी तपासून घ्या. ती सरकारी केंद्रात फुकट होते.

त्या रविवारी आधारची प्रत विहारासमोरच्या झेरॉक्सवाल्याकडून काढली. मुलाने प्लॅस्टिकच्या पिशवीत लाइन प्रोबचा कागद, रेशनकार्ड आणि ती प्रत घातली. वहीच्या पुठ्ठ्यावर वडिलांच्या नावाची चार अक्षरे लिहून चारही अक्षरांखाली रेघा मारल्या. सोमवारी खिडकीवर प्रत घेतली गेली. कोणी काही बोलले नाही. पुढच्या रविवारी तो मुलगा आमच्या टेबलापाशी आला, आणि शेजारच्या आजोबांचा मोबाईल हातात घेऊन म्हणाला, “आजोबा, आधी डोळ्याची खूण दाबा.”